वाचक विचारतात : मुंबई ‘अ’, मुंबई ‘ब’ आणि डायलवरचा काटा

प्रश्न : मुंबई आकाशवाणीचं जन्मवर्ष कुठे १९२७ छापलेलं असतं, कुठे १९३०, तर कुठे १९३६. नक्की कोणतं धरायचं? (डोंबिवली)

उत्तर : १९२७ धरा. बाकीची दोन मालक आणि पाटी बदलल्याची वर्षं आहेत. २३ जुलै १९२७ ला व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांच्या हस्ते केंद्र सुरू झालं, तेव्हा ते इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनी या खासगी कंपनीचं होतं. प्रक्षेपक अवघा दीड किलोवॉटचा, त्यामुळे भरवशाने ऐकू येण्याचा टापू साधारण ५० किलोमीटरचा. कंपनीची सगळी भिस्त श्रोत्यांच्या परवाना शुल्कावर. वर्षाला १० रुपये ही तेव्हा थोडीथोडकी रक्कम नव्हती, आणि परवाना न काढता गुपचूप ऐकणारेही होतेच. १९३० च्या सुरुवातीला कंपनी बुडाली. एप्रिलपासून सरकारने कारभार घेतला आणि नाव झालं इंडियन स्टेट ब्रॉडकास्टिंग सर्व्हिस. ८ जून १९३६ ला त्याचं ऑल इंडिया रेडिओ झालं. घरातल्या जुन्या कागदावर ‘स्टेट ब्रॉडकास्टिंग’ असं दिसलं, तर तो या मधल्या सहा वर्षांतला समजायला हरकत नाही. ‘आकाशवाणी’ हे नाव मात्र मुंबईचं नव्हे, दिल्लीचंही नव्हे. ते म्हैसूरला एम. व्ही. गोपालस्वामी यांनी चालवलेल्या केंद्राचं. ऑल इंडिया रेडिओने ते पुढे १९५० च्या दशकात उचललं.

प्रश्न : आजोबांच्या व्हॉल्व्हच्या रेडिओच्या डायलवर फक्त मीटर आहेत. त्यावर मुंबई ‘अ’ वाहिनीचे १०४४ किलोहर्ट्झ कुठे शोधायचे? शिवाय काटा कायम थोडा चुकीच्या जागी असतो. (सांगली)

उत्तर : ३,००,००० ला किलोहर्ट्झने भागा, मीटर मिळतात. मुंबई ‘अ’चे १०४४ म्हणजे २८७ मीटर, ‘ब’ म्हणजे अस्मिता वाहिनीचे ५५८ म्हणजे ५३८ मीटर, विविध भारतीचे ११८८ म्हणजे २५२ च्या जरा पुढे.

काट्याचा दोष शोधताना डायलच्या दोन्ही टोकांची एकेक ओळखीची केंद्रं घ्या. दोन्हीकडे काटा सारखाच सरकलेला असेल तर डायलची दोरी घसरली आहे. काटा दोरीवर चिमटीत धरून सरकवला की काम झालं. ५३८ मीटरला बरोबर आणि २५२ ला चूक असेल, तर ऑसिलेटरचा (डायलवर केंद्र कुठे लागेल ते ठरवणाऱ्या भागाचा) ट्रिमर, म्हणजे पेचकसाने फिरवायचा छोटा कपॅसिटर, फिरवावा लागेल. उलट असेल तर ऑसिलेटरच्याच कॉइलचा गाभा किंवा पॅडर हा दुसरा छोटा कपॅसिटर. एक फिरवलं की दुसरं थोडं हलतंच, म्हणून दोन्ही टोकं आलटूनपालटून दोन-तीनदा जुळवा. पेचकस प्लास्टिकचा हवा. लोखंडी टोक जवळ गेलं की केंद्र सरकतं आणि काढलं की परत येतं, मग माणूस चक्रावतो.

एक गोष्ट आधी पाहा : मागच्या पुठ्ठ्यावर ‘एसी/डीसी’ लिहिलेलं असेल तर आतल्या सांगाड्यातच वीज असू शकते. असा रेडिओ चालू ठेवून आत हात घालू नका. हे जुळवणीचं काम जाणकाराकडेच द्या.

प्रश्न : गुहागरला मुंबई दिवसाही स्वच्छ लागतं. संगमनेर मुंबईला त्याहून जवळ, तरी तिथे खरखर. असं का? (संगमनेर)

उत्तर : मधे काय आहे ते बघा. दिवसा मध्यमलहरी (मीडियम वेव्ह, मुंबई ‘अ’ आणि ‘ब’ यांवरच लागतात) जमिनीला चिकटून जातात आणि जमीन जितकी वीजवाहक तितक्या लांब टिकतात. समुद्राचं खारं पाणी कोरड्या जमिनीपेक्षा शेकडो पटींनी चांगलं वाहक आहे. प्रक्षेपक मालाडला मालवणीत, खाडीला लागून. तिथून गुहागरपर्यंतची वाट समुद्राच्या कडेकडेने जाते. संगमनेरच्या वाटेवर सह्याद्री आणि काळा कातळ. तुमच्याकडे ‘अ’पेक्षा ‘ब’ बरं लागत असेल, कारण कमी वारंवारितेच्या लहरी जमिनीत कमी जिरतात. रात्री दोन्ही वाढतात, पण दूरदूरची केंद्रंही त्यांच्या अंगावर येतात.

वरची दांडी ओढून उपयोग नाही, ती एफएम आणि शॉर्टवेव्हसाठी. मध्यमलहरींचा एरियल म्हणजे आत आडवा बसवलेला फेराइटचा (लोहयुक्त चुंबकीय पदार्थाचा) दांडा. त्याचं टोक केंद्राकडे असेल तर आवाज पडतो, म्हणून रेडिओ पाव फेरा फिरवून पाहा. त्याआधी घरातले एलईडी दिवे आणि मोबाइलचे चार्जर बंद करा. निम्मी खरखर तिथलीच निघते.

प्रश्न : उषा मेहतांचं काँग्रेस रेडिओ याच केंद्रावरून लागायचं का? (नाशिक)

उत्तर : नाही. ‘चले जाव’ चळवळीतलं ते गुप्त केंद्र २७ ऑगस्ट १९४२ ला मुंबईतच सुरू झालं, पण शॉर्टवेव्हवर, ४२.३४ मीटरला. जागा सतत बदलत. १२ नोव्हेंबरला पोलिसांनी पकडलं. नुसत्या मध्यमलहरींच्या सेटवर ते लागणंच शक्य नव्हतं.

प्रश्न : भाच्याने अमेरिकेहून डिजिटल रेडिओ आणला. एफएम उत्तम, पण मुंबई ‘अ’ चिरका आणि दबका येतो. सेट खराब आहे का? (पुणे)

उत्तर : सेट ठणठणीत असावा. आकडे बघा : अमेरिकेत केंद्रं दहा-दहा किलोहर्ट्झवर, म्हणून तुमचा रेडिओ १०४० वरून थेट १०५० वर उडी मारतो. १०४४ वर तो थांबतच नाही. आपल्याकडे २३ नोव्हेंबर १९७८ पासून नऊची पायरी आहे, म्हणून ५५८, १०४४, पुण्याचे ७९२, नागपूरचे ५८५ या सगळ्यांना नऊने नि:शेष भाग जातो. बॅटरीच्या खणात ‘९/१०’ असं लिहिलेलं छोटं बटण शोधा. नसेल तर बऱ्याच सेटवर रेडिओ बंद असताना एखादं बटण दाबून धरावं लागतं, कोणतं ते माहितीपत्रकात असतं. पायरी बदलली की साठवलेली केंद्रं सहसा पुसली जातात, आधी लिहून ठेवा. आणि अॅडॉप्टरवर फक्त १२० व्होल्ट लिहिलं असेल तर तो आपल्या २३० ला लावू नका, सेलवरच चालवा.