मेलिएसचे मूकपट पाहायला सुरुवात करताना

मेलिएसचे कोणते मूकपट पाहावेत, याची आपण एकदम लांबलचक यादी मागितली आहे. ती तूर्त बाजूला ठेवून जॉर्ज मेलिएस या सुरुवातीच्या काळातील फ्रेंच चित्रपटकाराचे दोन-तीनच लघुपट पुन्हापुन्हा पाहावेत, असे मी सुचवेन. १९०१ च्या ‘रबरी डोक्याचा माणूस’ या चित्रपटापासून सुरुवात करा. त्यात डोके फुगताना दिसते. प्रत्यक्षात ते फुगत नाही, तर काळ्या पार्श्वभूमीवर बसलेला मेलिएस उतारावरून कॅमेऱ्याच्या जवळ आणला जातो आणि ते चित्रण आधीचे दृश्य घेतलेल्या फिल्मवरच पुन्हा घेतले जाते.

नवख्यांची नेहमीची चूक अशी, की पात्र अदृश्य झाले की ‘कॅमेरा थांबवला असणार’ एवढ्यावर ते समाधान मानतात. कॅमेरा थांबवला जाईच. परंतु नंतर फिल्म कापून नेमक्या चौकटीवर (फिल्मवरील एका चित्रावर) जोडली जाई. म्हणून शेजारी स्तब्ध उभ्या असलेल्या नटाच्या हाताकडे आणि धुराच्या लोटाकडे पाहा. तेथे बारीकसा हिसका सापडतो.

रंगांबाबत एवढेच लक्षात ठेवा:

- संपूर्ण चौकट निळी असेल, तर फिल्म रंगात बुडवलेली आहे.
- हाताने रंगवलेल्या प्रतीत रंगाची कड चौकटीगणिक थरथरते. पाते या फ्रेंच चित्रपट कंपनीच्या स्टेन्सिल-प्रतींत, म्हणजे कापलेल्या साच्यातून रंगवलेल्या प्रतींत, ती बरीच स्थिर असते.

पॅरिसमधील एलिझाबेथ त्युईलिये यांच्या कार्यशाळेत स्त्रिया ब्रशने एकेक चौकट रंगवीत, त्यामुळे एकाच चित्रपटाच्या दोन प्रती सारख्या नसतात. मेलिएसच्या १९०२ च्या ‘चंद्रप्रवास’ या चित्रपटाची २०११ मध्ये दुरुस्त झालेली रंगीत प्रत अवश्य पाहा, मात्र तिचे काही तुकडे संगणकावर रंगवलेले आहेत. रंगद्रव्यांचे रसायनशास्त्र सध्या नकोच. त्याऐवजी अशाच कॅमेऱ्याच्या युक्त्या शोधण्यासाठी फाळक्यांचा १९१९ चा ‘कालिया मर्दन’ पाहा.