प्रिंटवर आहे ते राहू दे

तुझा मेसेज वाचला आणि रात्री नीट झोप लागली नाही. तुझ्या जुन्या सिनेमाच्या फिल्म प्रिंटचा स्कॅन गुलाबी दिसतोय, आवाजात खरखर आहे, तर एआयने साफ करून 5.1, म्हणजे सभोवार वाजणारा आवाज, करू का? अरे नको. प्रिंटवर जे आहे ते आधी तसंच्या तसं उतरवून ठेव, मग बाकीचं बोलू.

गुलाबी होणारच, जुन्या ईस्टमन रंगीत फिल्मच्या प्रिंटमधला सायन, म्हणजे निळसर-हिरवा रंग, आधी उडतो. स्टार वॉर्सच्या चाहत्यांनी 1977 ची टेक्निकलर 35 एमएम प्रिंट उगाच शोधली नाही, त्या छपाईचे रंग टिकतात. आणि त्याच सिनेमाचे तेव्हा आवाजाचे तीन मिक्स (जुळण्या) थिएटरात वाजत होते, 70 एमएमचा सहा ट्रॅकचा, डॉल्बी स्टिरिओ आणि एकाच ट्रॅकचा मोनो, मोनोमध्ये सी-थ्रीपीओ या रोबोचं ट्रॅक्टर बीमवरचं (यान ओढून धरणाऱ्या किरणावरचं) एक वाक्य आहे जे बाकी दोन्हींत नव्हतं. मोनो जुनाट म्हणून सगळ्यांनी फेकला असता तर लोकांनी तेव्हा काय ऐकलं हे कळलं असतं का?

खरखरीचं म्हणशील तर जुन्या थिएटरच्या यंत्रणेत वरच्या फ्रिक्वेन्सी दबूनच वाजायच्या, घरी ते होत नाही म्हणून तुला टोचतंय. ऐकायच्या कॉपीवर वरच्या फ्रिक्वेन्सी तशाच दाब. मास्टरला, म्हणजे मूळ उतरवलेल्या फाइलला, हात लावू नकोस.

माझंच सांगतो. एका बंद पडलेल्या टॉकीजमधून मला सहा रिळं मिळाली होती, आवाज उतरवला, खरखर काढली आणि रॉ फाइल पुसून टाकली. हार्डडिस्क महाग होत्या रे, पगार केवढासा, दुसरं काय करणार होतो मी! पण आज ती रिळं आक्रसून चिकटलीत आणि उरलाय फक्त माझा साफ केलेला आवाज, ज्यात बाईंच्या गाण्यातला श्वास नाही, स आणि श घासून गेलेत. ते आता कुठून आणू? म्हणून सांगतोय, प्रिंटवर आहे ते राहू दे.

फिल्म तुटून जोडलेल्या जॉइंटपाशी जप. 35 एमएमवर आवाज चित्राच्या सुमारे 20 फ्रेम पुढे छापलेला असतो, त्यामुळे फ्रेम तुटली की चित्र एका ठिकाणचं जातं, आवाज दुसऱ्या. डीव्हीडीतून तुकडा भरलास तर कुठून कुठपर्यंत ते लिहून ठेव, आळस नको.

आणि आज घरी गेल्यावर प्रत्येक डबा उघडून वास घे. व्हिनेगरचा येतोय म्हणजे फिल्म सडायला लागलीय, ते रीळ बाकीच्यांपासून लांब ठेव आणि रविवारी तेच आधी घेऊन ये.