मूकपटातली माणसं तुरुतुरु का पळतात?

प्रश्न : आमच्या मंडळात १९१२च्या सुमाराचा, एका रिळाचा विदेशी मूकपट दाखवायचा आहे. डोंगरात बर्फात अडकलेला माणूस आणि त्याला सोडून न जाणारा कुत्रा, अशी गोष्ट. फाइल अकरा मिनिटांची. चाचणीत तो अर्धमेला माणूस तुरुतुरु पळायला लागला आणि पोरं हसत सुटली. रात्रीचा प्रसंगही भर दुपारचा वाटतो. काय करावं?
– एक वाचक, मंगळवार पेठ, कोल्हापूर

उत्तर : मूकपटांचे दिग्दर्शक बाबूराव पेंटर यांच्या गावात मूकपटावर चुकीच्या जागी हशा व्हायला नको! दुखणं वेगाचं आहे. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी (फ्रेम), म्हणजे हजार फुटांच्या रिळात १६,०००. सेकंदाला २४ने त्या अकरा मिनिटांत संपतात, म्हणजे तुमची फाइल त्याच वेगाने चालते आहे. पण त्या काळी कॅमेरा हाताने फिरवत, बहुधा सेकंदाला १६ ते १८ चौकटींच्या वेगाने.

व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये वेग ०.७५ करा, १८ चौकटी पडतील आणि चित्रपट पावणेपंधरा मिनिटांच्या आसपास जाईल. त्याआधी 'ई'ची कळ दाबत एकेक चौकट पुढे सरका. दर तिसरी किंवा चौथी चौकट आधीचीच पुन्हा येत असेल, तर वेगाची दुरुस्ती आधीच झालेली आहे, वेगाला हात लावू नका. वेग माणसाच्या चालीवरून जोखू नका, बर्फात चाल कशीही पडते. अंगावरून झटकलेला बर्फ खाली कसा पडतो ते बघा. तो तरंगायला लागला की वेग फार उतरला. सुटकेची धावपळ मात्र थोडी जलदच राहील. ती मुद्दाम कॅमेरा हळू फिरवून घेत.

रात्रीचे प्रसंग उन्हातच चित्रित करून प्रिंट निळ्या रंगात बुडवत. तुमची प्रत कृष्णधवल नकलेवरून आलेली दिसते. दुपारी कुणी कंदील घेऊन फिरत असेल तर ती रात्रच समजा. एडिटिंगमध्ये त्या प्रसंगावर फिकट निळा थर 'मल्टिप्लाय' या ब्लेंड मोडने (थर मिसळण्याच्या पद्धतीने) टाका: बर्फ निळा होतो, काळं काळंच राहतं.

आकाश पांढरंफटक दिसेल. त्या काळची फिल्म निळ्या रंगाला फार संवेदनशील होती, ढग त्यातच हरवले; ते परत येणार नाहीत. म्हणून प्रोजेक्टरचा 'डायनॅमिक' मोड लावून कॉन्ट्रास्ट ताणू नका, कारण मग बर्फातली पावलं पुसली जातात आणि कुत्रा माग कशाचा काढतोय तेच कळत नाही. 'सिनेमा' मोड ठेवा, दारं-खिडक्यांना जाड पडदे लावा.

पेटी-तबल्याची साथ जरूर ठेवा, पण प्रत्येक भुंकण्याला थाप नको.