भावाची केस फेडरल कोर्टात जाईल का?

प्रश्न: माझा धाकटा भाऊ न्यू जर्सीत ग्रीन कार्डवर राहतो. तिथल्याच एका कॉन्ट्रॅक्टरने घराचे 90 हजार डॉलर घेतले आणि काम अर्धवट टाकलं. फेडरल कोर्टात लवकर न्याय मिळतो म्हणतात, तिथे केस करता येईल का?
– एक वाचक, सांगली

उत्तर: नाही हो, ताई. फेडरल कोर्ट म्हणजे तिथल्या केंद्र सरकारचं कोर्ट, ते राज्याच्या कोर्टाच्या वरचं असं बऱ्याच जणांना वाटतं पण तसं नाहीये, तिथे ठरावीकच केसेस चालतात, म्हणजे फेडरल कायद्याचा प्रश्न, पेटंट, दिवाळखोरी, किंवा दोन्ही पार्ट्या वेगवेगळ्या राज्यांतल्या किंवा एक परदेशी नागरिक आणि रक्कम 75 हजार डॉलरच्या वर. भाऊ परदेशी नागरिक म्हणून चालेल असं वाटेल, पण ग्रीन कार्डवाला आणि समोरचा एकाच राज्यात राहत असतील तर कायदा तो रस्ता बंद करतो. तेव्हा न्यू जर्सी राज्याचं कोर्ट, म्हणजे सुपीरियर कोर्टच.

कॉन्ट्रॅक्टर पेनसिल्व्हेनियाचा असता तर दोन्हीकडे जाता आलं असतं, आणि राज्याच्या कोर्टात केस टाकली तरी नोटीस मिळाल्यापासून 30 दिवसांत तो ती फेडरलमध्ये ओढून नेऊ शकला असता. एक मात्र बघा, त्याने दिवाळखोरी जाहीर केली तर पैशाचा दावा तिथल्या तिथे थांबतो आणि फेडरल बँकरप्सी कोर्टातच मागणी नोंदवावी लागते, म्हणून भावाला सांगा, काँट्रॅक्ट आणि चेकच्या कॉपी घेऊन आत्ताच तिथला वकील गाठ.