आधी देह की आधी मन?

प्रश्न : चीनमधल्या ताओपंथी ‘नेइदान’ (देहाच्या आतली किमया) साधनेबद्दल वाचून ध्यानाला बसू लागलो. मन छान शांत होतं, पण थोड्याच वेळात पाय बधिर होतात, कंबर धरते. शरीर सोडून नुसतं मन साधलं तर चालेल का? आणि यात पारा, हिंगूळ (पाऱ्याचं लाल खनिज) पोटात घ्यावा लागतो का?

उत्तर : दुसरं आधी घेतो, कारण तिथे जिवाशी गाठ आहे. काहीही घेऊ नका. असल्याच अमरत्वाच्या गोळ्यांपायी तांग सम्राट वूझोंग 846 मध्ये गेला, असं इतिहासकार मानतात. नेइदानमध्ये जुन्या किमयेतले भट्टी, शिसं, पारा हे नुसते शब्द राहिले, पण भट्टी म्हणजे ओटीपोट आणि आंच म्हणजे श्वास व लक्ष. 1222 मध्ये चंगेजखानानं छ्यू छूजी या वृद्ध ताओ साधकाला अमरत्वाचं औषध मागितलं. जगज्जेत्याच्या तोंडावर त्यानं सांगितलं, आयुष्य जपण्याचे मार्ग आहेत, अमर करणारं औषध नाही. मला हा माणूस फार आवडतो.

आता तुमचे पाय. नेइदानमध्ये मनाच्या बाजूला ‘शिंग’ म्हणतात, प्राणाच्या-देहाच्या बाजूला ‘मिंग’. वांग छोंगयांगच्या उत्तरेकडच्या च्वानचन पंथात शिंगला अग्रक्रम. झांग बोदुआनला गुरुस्थानी मानणारे दक्षिणेकडचे मिंगपासून सुरू करतात. क्रमावरून वाद झाले, पण दोघांपैकी एकाला रजा कुणीच दिली नाही. तुमच्या बाबतीत मी सरळ दक्षिणेकडच्यांच्या बाजूनं.

बीजिंगच्या श्वेतमेघ मंदिरातल्या, 1886 मध्ये कोरलेल्या शिळेवरचं चित्र मिळवून पाहा. बसलेल्या माणसाचा छेद आहे, पण आत हाडंमांस नाही, डोंगर-नदी आहे. तळाशी दोन मुलं पायांनी रहाट चालवून पाणी उलटं, कण्यातून वर चढवतात. पोटात एक जण बैल जुंपून शेत नांगरतोय, मूत्रपिंडांपाशी बाई सूत काततेय. डोक्यात म्हातारा निवांत बसलाय खरा, पण खालची माणसं राबताहेत!

तेव्हा मांडी सोडा. खुर्चीवर बसा, पाठ ताठ, तळवे जमिनीला टेकलेले. लक्ष बेंबीखाली, श्वास तिथे ढकलू नका, आपसूक उतरू द्या. डोकं जड किंवा गरम वाटलं तर त्या दिवशी तिथेच थांबा. बधिरपणा उठून चालल्यावरही राहत असेल, तर ताओ बाजूला ठेवून आधी डॉक्टर गाठा.