लॅटिनमध्ये सीझर सहज वाचता येतो, मग रोमन इतिहासकार टॅसिटस इतका अवघड का जातो? भाषांतर सोबत ठेवून वाचू का?

नका ठेवू. का, ते सांगतो, पण लांबण लागेल. या टॅसिटसपायी माझा अर्धा मार्क गेलेला आहे आणि तो मी अजून विसरलेलो नाही.

मी वसईचा. सेमिनरीत तीन वर्षं काढून घरी परतलेला. मिस्साची लॅटिन तोंडपाठ, त्यामुळे आपल्याला लॅटिन येते असा पक्का समज. पुढे मुंबईत प्राचीन इतिहास शिकताना एका निवृत्त फादरांकडे दर शनिवारी वाचायला जायचो. पहिल्याच दिवशी मी सिसेरो या रोमन वक्त्याचं नाव चर्चच्या उच्चाराने ‘चीचेरो’ म्हणालो, त्यांनी जुन्या रोमन उच्चाराने ‘किकेरो’ म्हणायला लावलं. तिथूनच आमचं बिनसलं असावं.

वर्षाखेरीस त्यांनी परीक्षेला टॅसिटसच्या ‘ॲनल्स’ या इतिहासाच्या पहिल्या पुस्तकातला ६५वा परिच्छेद घातला. साल इ. स. १५. रोमन सेनापती सेसिनाचं सैन्य जर्मनीतल्या दलदलीत अडकलंय, जर्मनांचा पुढारी आर्मिनियसची माणसं पाठीवर आहेत. सहा वर्षांपूर्वी तीन लीजन (रोमन पलटणी) गमावून मेलेला सेनापती व्हारस रात्री सेसिनाच्या स्वप्नात येतो, रक्ताने माखलेला, चिखलातून वर येऊन हात पुढे करणारा. दुसऱ्या दिवशी मार खात खात सैन्य संध्याकाळी कुठे कोरड्या जमिनीवर पोचतं. आता तट उभारायचा, तर अवजारं बरीचशी हरवलेली.

‘अवजारं’ हा माझा शब्द. टॅसिटस लिहितो, ‘पेर क्वाए एगेरितुर हुमुस आउत एक्स्कीदितुर काएस्पेस’. मी जसंच्या तसं उतरवलं: ‘ज्यांनी माती उपसायची, हरळी कापून काढायची, ते बहुतेक गेलेलं.’ फादरांनी लाल पेनाने सगळं खोडून वर लिहिलं, ‘फावडी, कुदळी’. अर्धा मार्क कापला. वर म्हणाले, “टॅसिटसला फावड्याला फावडं म्हणायची लाज वाटते. तुला कशाला वाटावी?”

घरी येऊन बाबांना सांगितलं. ते वाडीत केळींना माती लावत होते. हातातलं फावडं उचलून त्यांनी विचारलं, “याला काय म्हणतोस?” म्हटलं, फावडं. “मग फादर बरोबर आहेत.”

दोघेही चूक होते. तुम्ही सीझर वाचलाय ना? गॉलमधल्या मोहिमेवरच्या त्याच्या ‘गॅलिक वॉर’चं पाचवं पुस्तक, ४२वा परिच्छेद काढा. गॉलमधल्या नर्व्ही टोळीच्या लोकांना रोमन छावणीभोवती तट घालायचाय, अवजारं नाहीत. सीझर सरळ ‘फेर्रामेन्ता’ म्हणतो, लोखंडी हत्यारं, आणि पुढे जातो: तलवारींनी हरळी कापली, हातांनी आणि अंगरख्यांतून माती वाहिली. प्रसंग तोच. पण सीझरला काम कसं झालं ते सांगायचंय, आणि टॅसिटसला काम कसं होणार नाही ते. त्याच्या वाक्यात अवजाराचं नाव नाही, नुसतं न होणारं काम उरलंय. लगेच पुढे तंबू नाहीत, जखमांवर बांधायला काही नाही, चिखलाने नाहीतर रक्ताने भरलेलं अन्न अंधारात वाटून घेताहेत. एकामागून एक ‘नाही’. तिथे ‘फावडी, कुदळी’ लिहिलंत की गोदामाची यादी होते.

बहुतेक भाषांतरं हेच करतात. खाचखळगे बुजवून गुळगुळीत रस्ता करून देतात, म्हणून म्हटलं नका ठेवू.

आता तुमचा प्रश्न. टॅसिटस अवघड वाटतो कारण तुम्ही सीझरला नमुना धरलंय. सीझरचं लिखाण ‘कोम्मेन्तारी’, म्हणजे टिपणं, आणि सिसेरोनेही त्यांची तारीफ केली ती उघडीवाघडी, सरळ आणि देखणी म्हणून. रोमन इतिहासाचा बाज वेगळा. तो समजायचा तर आधी इतिहासकार सॅलस्ट वाचा. मुद्दाम जुनाट वळणाचे शब्द, तोडलेली वाक्यं, तोल जमतोय असं वाटलं की मोडणारी रचना. टॅसिटस त्याच्याच तालमीतला. सॅलस्टच्या ‘जुगुर्था’च्या १०१व्या परिच्छेदात लढाई संपल्यावरचं मैदान बघा: ‘सेक्वी, फुगेरे, ओक्कीदी, कापी’. चार क्रियापदं, चारही तुमन्त (‘पळणं’सारखी रूपं), कर्ता नाही, काळ नाही, मध्ये ‘आणि’सुद्धा नाही. पाठलाग, पळापळ, कत्तल, धरपकड. मराठीत काय बसतं बघा! हे एकदा कानात बसलं की टॅसिटस निम्मा सुटतो. ‘हाबुएरुन्त’च्या जागी ‘हाबुएरे’ दिसलं तर दचकू नका, भूतकाळच आहे. ‘ॲनल्स’च्या पहिल्याच वाक्यात आहे. संस्कृत झालं असेल तर सति सप्तमीच्या (‘सूर्य उगवला असता’ अशा रचनेच्या) सवयीचा फायदा होईल, पण टॅसिटस लॅटिनमधली तशी रचना कुठेही, वाक्य संपलं असं वाटल्यावरसुद्धा, शेपटासारखी जोडतो. आणि विष बहुतेक वेळा त्या शेपटातच असतं.

रोमन इतिहासकार लिव्हीबद्दल मी काही बोललो नाही. तो लांब, भरलेल्या वाक्यांचा माणूस, वक्तृत्वाचा शिक्षक क्विंटिलियन याने त्याच्या भाषेला दुधाची उपमा दिली. पण हॅनिबलने ट्रासिमीन तळ्याकाठी केलेल्या पराभवाची बातमी रोममध्ये जाहीर होते तेव्हा तोही चार शब्दांत आटपतो: ‘पुग्ना माग्ना विक्ती सुमुस’. मोठ्या लढाईत आपण हरलो. बस. म्हणजे लांब लिहिणाऱ्यालाही कुठे थांबायचं ते कळत होतं.

भाषांतर नकोच हे जरा तावातावाने लिहिलं. आधी स्वतः झगडा, मग ताडून बघायला घ्या. मीही घेतो.

फादरांचीही बाजू सांगायला हवी. खूप वर्षांनी मला सापडलं की याच ‘ॲनल्स’च्या तिसऱ्या पुस्तकात, ४६व्या परिच्छेदात, टॅसिटस बिनदिक्कत ‘दोलाब्रा’ हे अवजाराचं नाव लिहितो. म्हणजे लाजबीज काही नाही, हवा तेव्हा शब्द वापरतो! गावच्या सणाला फादर भेटले तेव्हा जेवणाच्या पंगतीतच ऐकवलं. ते शांतपणे म्हणाले, “तिथे सैनिक त्याने चिलखतातली माणसं फोडताहेत, माती नाही उपसत. आणि दोलाब्रा म्हणजे कुदळ. फावडं नव्हे.” आणि ताटातल्या माशाकडे वळले.

बरोबर आहे त्यांचं. पण मग कुदळीपुरता पाव मार्क तरी माझा होतोच.