पुण्यात इंग्रजी अमदानी आणि क्रांतिकारकांची गुप्त मंडळं या विषयावर पायी फेरी कशी करावी? गाइड घ्यावा का?

तुमचा प्रश्न असा: मुंबईहून एका दिवसासाठी येताय, सोबत आई आणि कॉलेजातली दोन मुलं आहेत. बंड करणारे वासुदेव बळवंत फडके, प्लेग अधिकारी रँड आणि त्याला मारणारे चापेकर बंधू, हे सगळं एकाच फेरीत चालत बघता येईल का, आणि पैसे देऊन गाइड घेण्यात अर्थ आहे का?

एकाच फेरीत चालत होणार नाही. रँडवर गोळी झाडली गेली ती पेठांत नाही, गणेशखिंड रस्त्यावर. शनिवारवाड्यापासून ही जागा चार-पाच किलोमीटरवर येते. बऱ्याच फेऱ्यांत शनिवारवाड्यासमोर उभं करून रँडची गोष्ट ऐकवतात आणि ऐकणाऱ्याला वाटतं, हे इथेच घडलं. म्हणून दिवसाचे दोन तुकडे करा. सकाळी पेठा पायी, साधारण साडेतीन-चार किलोमीटर. दुपारनंतर मुळा-मुठेचा संगम आणि गणेशखिंड, रिक्षाने.

सकाळच्या इंद्रायणीने आलात तर पुणे स्टेशनवरून मेट्रोने जिल्हा न्यायालय, तिथे गाडी बदलून कसबा पेठ. बदलाच्या स्टेशनवर खूप खाली उतरावं लागतं, आईंसाठी आधीच लिफ्ट शोधा.

सुरुवात शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाजासमोर करा. आत जायचं की नाही ते तुम्ही ठरवा. आतला वाडा १८२८ च्या आगीत गेला, उरलीत जोती आणि कारंजी. आपल्या विषयाचं काम दरवाजाबाहेरच होतं. ५ नोव्हेंबर १८१७ ला खडकीची लढाई झाली, त्याच दिवशी संगमावरची इंग्रजांची रेसिडेन्सी, म्हणजे त्यांच्या वकिलाचं ठाणं, मराठ्यांनी जाळली. १७ नोव्हेंबरला याच वाड्यावर इंग्रजांचं निशाण चढलं आणि ते चढवलं बाळाजीपंत नातूंनी. हे नाव लक्षात ठेवा. १८९७ मध्ये रँडच्या खुनानंतर त्याच नातू घराण्यातल्या बाळासाहेब आणि तात्यासाहेब या भावांना इंग्रजांनी १८२७ च्या एका जुन्या रेग्युलेशनखाली खटला न चालवता डांबून ठेवलं. गाइडने ही दोन टोकं जोडून दाखवली तर समजा माणूस वाचणारा आहे.

वाड्यासमोरच्या याच मैदानाशी वासुदेव बळवंत फडकेही जोडलेले आहेत. लष्कराच्या हिशेबखात्यातला हा कारकून पेठांतून थाळी वाजवत फिरायचा आणि संध्याकाळी इथे भाषण आहे म्हणून सांगायचा. मुलांना हे जरूर सांगा. गुप्त मंडळ म्हटलं की तळघर आणि मेणबत्त्या डोळ्यांपुढे येतात. इथे सुरुवात भर रस्त्यात थाळी वाजवून झाली. पुढे पांढरपेशांकडून काही होत नाही म्हटल्यावर फडक्यांनी रामोशांना हाताशी धरलं, दौलतराव नाईक त्यांचा उजवा हात झाला आणि फेब्रुवारी १८७९ मध्ये शिरूरकडच्या धामारीवर पहिला दरोडा पडला.

तिथून दक्षिणेला बुधवार पेठेत शिरा. वाटेत भाऊ रंगारी भवन लागतं. भाऊसाहेब रंगारी म्हणजे भाऊ लक्ष्मण जावळे, वैद्यकी करणारे. त्यांचा सार्वजनिक गणपती १८९२ चा. मूर्ती बघा: गणपती शांत बसलेला नाही, राक्षसाला मारतोय. वाड्यात छुपे कप्पे होते आणि तिथे हत्यारं ठेवली जात, असं मंडळ सांगतं. पहिला गणपती टिळकांचा की रंगारींचा हा वाद इथे काढू नका. निम्मा तास जातो आणि दोन्ही बाजूंनी आवाज चढतो.

पुढे बुधवार चौक. इथे पेशव्यांचा बुधवारवाडा होता. इंग्रजांनी त्यात कचेऱ्या घातल्या आणि मे १८७९ मध्ये एका रात्री तो जळाला. त्याच रात्री विश्रामबागवाड्यालाही आग लागली. फडक्यांचं बंड ऐन भरात होतं, त्यामुळे संशय साहजिकच तिकडे गेला. न्यायमूर्ती रानड्यांवरसुद्धा सरकारची वक्रदृष्टी वळली आणि त्यांची धुळ्याला बदली झाली. प्रत्यक्षात गुन्हेगार निघाला सरकारी बुक डेपोतला नोकर, अफरातफर झाकायला त्याने आग लावली होती. आजही बरेच जण ‘फडक्यांनी वाडा पेटवला’ असं ठोकून देतात. गाइडची परीक्षा घ्यायला यासारखा प्रश्न नाही. नोंदणी करायच्या आधी फोनवरच विचारा: बुधवारवाडा कोणी जाळला? ‘फडक्यांनी’ असं बेधडक उत्तर आलं तर पैसे वाचवा.

बुधवार चौकात थांबून बोलायचा प्रयत्न करू नका. बसचे हॉर्न, दुचाक्या आणि दगडूशेठच्या रांगा यांत काही ऐकू येत नाही. माहिती एखाद्या बोळात शिरून सांगावी किंवा ऐकावी. नाहीतरी १८९७ च्या प्लेगच्या झडत्या समजून घ्यायला बोळच हवा. उंबऱ्याची उंची बघा, दाराची रुंदी बघा, आतल्या माजघरापर्यंत किती अंधार आहे ते बघा. अशा घरात गोरे सोजीर शिरायचे, माणसांना बाहेर काढून तपासायचे, संशयिताला इस्पितळात आणि घरच्यांना छावणीत न्यायचे, सामान रस्त्यावर यायचं. प्लेग समितीचा अध्यक्ष होता वॉल्टर चार्ल्स रँड. ज्या साथरोग कायद्याच्या जोरावर हे चाललं, तो फेब्रुवारी १८९७ चा. कोरोनाच्या टाळेबंदीत हाच कायदा पुन्हा बाहेर काढला होता हे मुलांना सांगितलंत तर त्यांना संदर्भ लगेच लागेल. आणि एवढंही सांगा की प्लेग खोटा नव्हता. त्याच साथीत रोग्यांची सेवा करताना १० मार्च १८९७ ला सावित्रीबाई फुले गेल्या. जुलूम खरा आणि साथही खरी, दोन्ही सांगणारा गाइड क्वचित भेटतो.

विश्रामबागवाडा बाजीराव रस्त्यावर आहे. रस्त्यापलीकडून बघा, जवळून तो कळत नाही. सुरूच्या झाडासारखे कोरलेले लाकडी खांब आणि पुढे आलेली गॅलरी समोरच्या फुटपाथवरूनच नीट दिसते. दुसऱ्या बाजीरावाचा हा वाडा. पेशवाई गेल्यावर १८२१ मध्ये इंग्रजांनी इथे संस्कृत पाठशाळा काढली. दक्षिणेतला ब्राह्मणवर्ग बिथरू नये हा त्यामागचा हिशेब. आत दुरुस्तीची कामं अधूनमधून चालू असतात, कधी वरचा मजला बंद असतो. जिना उभा आणि अरुंद आहे, आईंना खाली बसवा.

मंडईत फार वेळ घालवू नका. १८८६ ची इमारत, मूळ नाव रे मार्केट, गव्हर्नरच्या नावावरून. एवढा खर्च कशाला म्हणून जोतीराव फुल्यांनी नगरपालिकेत विरोध केला होता आणि आज मंडई त्यांच्याच नावाने ओळखली जाते. इथे पाणी प्या, स्वच्छतागृह उरकून घ्या. पुढे सदाशिव पेठेत सोय मिळणं कठीण.

सदाशिव पेठेत नरसोबाचं देऊळ गाठा. फडक्यांचं पुण्यातलं वास्तव्य या देवळाच्या आवारातलं. हे चालतं देऊळ आहे. चपला बाहेर, आवाज हळू आणि दहा-बाराच्या वर माणसं एकदम आत नकोत. फडके, भावे आणि इंदापूरकर यांनी १८६० मध्ये काढलेली शाळा, म्हणजे पुढची महाराष्ट्र एज्युकेशन सोसायटी, तीही याच पेठेत, पेरुगेटापाशी. थोडक्यात, सकाळी शाळा आणि कचेरी, उरलेल्या वेळात दांडपट्टा. दांडपट्ट्याचं शिक्षण लहुजी वस्ताद साळव्यांकडचं. त्यांची तालीम गंज पेठेत, थोडी लांब. पाय बोलत असतील तर सोडा, पण लहुजींचं नाव न घेता फडक्यांची गोष्ट पुरी होत नाही.

पायी फेरी नारायण पेठेत केसरीवाड्यात संपवा. टिळकांनी हा गायकवाडवाडा १९०५ मध्ये घेतला. म्हणजे टिळकांवरच्या १८९७ च्या राजद्रोहाच्या खटल्याच्या वेळी ‘केसरी’ इथे नव्हता. ‘इथेच बसून तो अग्रलेख लिहिला’ असं कोणी म्हणालं तर मान डोलावून पुढे चला. रमतगमत तीन तास लागतात, साडेतीन धरा. जेवण नारायण किंवा सदाशिव पेठेतच उरका. खानावळी दुपारी ठरलेल्या वेळेला बंद होतात आणि पुण्यात त्या वेळेवर हुज्जत चालत नाही.

दुपारी रिक्षाने आधी संगम पूल. फडके जुलै १८७९ मध्ये विजापूरकडे देवर नावदगीला पकडले गेले, खटला पुण्यात चालला. सार्वजनिक काका, म्हणजे वकील गणेश वासुदेव जोशी, त्यांच्या बचावासाठी उभे राहिले. जन्मठेप झाली आणि १७ फेब्रुवारी १८८३ ला एडनच्या तुरुंगात त्यांचा अंत झाला. त्यांना ठेवलं होतं ती कोठडी आज संगम पुलाजवळ गुन्हे अन्वेषण विभागाच्या आवारात आहे, तिथे स्मारक केलंय. हे पोलिसांचं आवार, त्यामुळे आधी लेखी परवानगी हवी, आधारकार्ड जवळ हवं, फोटोचं विचारूनच. परवानगी नसेल तर फाटकाशी वाद घालू नका, पुलावरून संगम बघा आणि निघा.

मग गणेशखिंड. विद्यापीठाची मुख्य इमारत म्हणजे जुनं गव्हर्न्मेंट हाऊस. १८६४ ते १८७१ या काळात बांधलेलं, गव्हर्नरचा पावसाळी मुक्काम. २२ जून १८९७ ला व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाला साठ वर्षं झाली म्हणून इथे समारंभ होता. वाढदिवस नव्हे, ही चूक फार ऐकू येते.

पुढचं दामोदर चापेकरांनी तुरुंगात स्वतः लिहून ठेवलंय, म्हणून इतकं बारीक कळतं. संध्याकाळी साडेसातच्या सुमारास दामोदर आणि त्यांचे धाकटे भाऊ बाळकृष्ण आले. टेकड्यांवर जल्लोषाच्या होळ्या पेटल्या होत्या, बघ्यांची गर्दी होती. पिस्तुलांशिवाय तलवारी आणि कुऱ्हाडीही आणल्या होत्या, पण त्या घेऊन गर्दीत फिरणं अवघड, म्हणून रस्त्यालगतच्या एका दगडी मोरीखाली लपवल्या. जागा ठरली होती पिवळ्या बंगल्यापाशी. दामोदर फाटकाशी थांबले. मध्यरात्रीच्या सुमारास रँडची बग्गी बाहेर पडली, तिच्यामागून ते धावत आले, बंगल्यापाशी ‘गोंद्या आला रे’ ही खुणेची हाक दिली, बग्गीचा पडदा वर केला आणि गोळी झाडली. बाळकृष्णांनीही रँडवरच झाडायची असं ठरलं होतं, पण ते मागे पडले. मागच्या बग्गीतली माणसं कुजबुजताहेत असं वाटून त्यांनी तिकडे नेम धरला. त्यात रँडचा लष्करी सोबती लेफ्टनंट आयर्स्ट जागीच गेला. रँड ससूनमध्ये ३ जुलैला गेला.

इमारतीच्या फाटकापासून रस्त्याने थोडं चाला आणि हाक किती अंतरावर ऐकू जाईल याचा अंदाज घ्या. आज सहा-आठ पदरी वाहतुकीत ते कल्पनेवरच सोडावं लागतं. रस्ता मध्येच ओलांडू नका, सिग्नललाच ओलांडा. आत जायचं असेल तर सुट्टीचा दिवस टाळा आणि सुरक्षारक्षकाला आधी विचारा.

पुढचा हिशेब थोडक्यात. खबर देणाऱ्याला २०,००० रुपयांचं बक्षीस होतं, द्रविड बंधूंनी खबर दिली. दामोदरांना १८ एप्रिल १८९८ ला येरवड्यात फाशी झाली. ८ फेब्रुवारी १८९९ ला सगळ्यांत धाकटे भाऊ वासुदेव चापेकर आणि त्यांचे साथीदार महादेव रानडे (न्यायमूर्ती नव्हेत) यांनी द्रविडांना गोळ्या घातल्या. मे १८९९ मध्ये पाच दिवसांत तीन फाशी: ८ ला वासुदेव, १० ला रानडे, १२ ला बाळकृष्ण. येरवडा तुरुंगात २०२१ पासून पर्यटकांना सोडतात, पण आधी मंजुरी लागते, त्यामुळे तो वेगळा दिवस. चापेकरांचा वाडा चिंचवडगावात, तोही वेगळा.

वेळ उरलाच तर परतताना फर्ग्युसन. १९३१ च्या २२ जुलैला वासुदेव बळवंत गोगटे या विद्यार्थ्याने तिथल्या ग्रंथालयात हंगामी गव्हर्नर हॉटसनवर गोळ्या झाडल्या. खिशातल्या पाकिटाच्या धातूच्या बटणावर गोळी लागून हॉटसन वाचला. सावरकरांची वसतिगृहातली खोली २८ मेला, त्यांच्या जयंतीला उघडतात, रोज नाही.

आता गाइडचं. एकट्या कुटुंबासाठी सकाळच्या भागाला घ्या, दुपारी नको. गटात बाराच्या वर माणसं असतील तर जाऊ नका, मागच्यांना काहीच ऐकू येत नाही. बुधवारवाड्याचा प्रश्न विचाराच, आणि दुसरा विचारा, आयर्स्टला कोणी मारलं? ‘दामोदरने’ म्हणाला तर दुसरा गाइड बघा. गणेशोत्सवाचे दहा दिवस आणि त्याआधीचा आठवडा या पेठांत फेरीसाठी येऊ नका, मांडवांमुळे निम्मे बोळ बंद असतात. २२ जूनच्या सुमारास आलात तर रँडवरच्या हल्ल्याची तारीख जुळते, पण छत्री घ्या आणि विश्रामबागेसमोरच्या ओल्या फरशीवर आईंचा हात धरा.